लढणाऱ्यांचा कॅमेरा: फिल्म कुठे धुतली ते आधी विचारा

नाशिकला पत्रकारिता शिकणाऱ्या एका विद्यार्थिनीने प्रकल्पासाठी तीन प्रश्न पाठवले आहेत. परकी सत्तेशी लढणाऱ्या चळवळींनी ऐन युद्धात, हाताशी पैसा नाही, वीज नाही, लॅब नाही अशा स्थितीत माहितीपट कसे काढले? लढणाऱ्यांनीच काढलेल्या या फिल्मांवर पुरावा म्हणून कितपत विश्वास ठेवायचा? आणि आपल्याकडे बेचाळीसच्या भूमिगतांची किंवा साताऱ्याच्या प्रतिसरकारची अशी एखादी फिल्म का नाही?

मी सोळा मिलिमीटर रुंदीच्या फिल्मच्या काळात माहितीपटांच्या कॅमेऱ्यावर काम केलं आणि पुढे जुनी रिळं तपासण्याचं, दुरुस्तीचं काम करत आलो. त्यामुळे माझं उत्तर हातांनी केलेल्या कामातून येईल.

या विषयावर बोलताना सगळे आधी कॅमेऱ्याचं विचारतात. खरं तर कॅमेरा ही त्यातल्या त्यात सोपी गोष्ट होती. तो विकत मिळायचा, कुणी भेट द्यायचं, नाहीतर शत्रूकडून हिसकावून घेता यायचा. अमेरिकन आयमो आणि स्विस बोलेक्स या दोन यंत्रांवर विसाव्या शतकातली निम्मी युद्धं टिपली गेली असतील. दोन्ही चावी भरून चालायचे, बॅटरी लागत नसे. आयमोत पस्तीस मिलिमीटरची १०० फूट फिल्म बसायची, म्हणजे सेकंदाला २४ फ्रेमच्या वेगाने मिनिटभराहून थोडं जास्त. सोळा मिलिमीटरच्या बोलेक्समध्ये तेवढीच फिल्म पावणेतीन मिनिटं पुरायची, पण एकदा चावी भरली की कॅमेरा सलग चालायचा तो सुमारे २८ सेकंद. मग पुन्हा चावी.

हे आकडे डोक्यात ठेवून त्या फिल्मा बघा. शॉट तुटक का, गोळीबाराच्या मधेच चित्र का थांबतं, माणूस धावत निघाला आणि पोहोचलेला का दिसत नाही, ते लगेच कळेल. चावी संपली किंवा फिल्म संपली. आवाज नाही, कारण चावीच्या कॅमेऱ्याबरोबर जुळणारा आवाज घेता येत नाही. ऐकू येतं ते निवेदन आणि संगीत नंतर कुठेतरी चढवलेलं असतं, बहुतेक वेळा दुसऱ्याच देशात. त्या ‘शैली’वर पानंच्या पानं लिहिली गेली आहेत. माझ्या मते त्यातली निम्मी शैली स्प्रिंगची आहे.

खरी अडचण सुरू होते फिल्म कॅमेऱ्यातून बाहेर काढल्यावर. धुतली नाही तोवर त्या डब्यात काहीच नाही. उन्हात एकदा झाकण उघडलं की आठवड्याची लढाई पांढरी पडते. धुवायची तर अंधार हवा, रसायनं हवीत, स्वच्छ पाणी भरपूर हवं, आणि सगळ्यात अवघड म्हणजे तापमान हवं. कृष्णधवल फिल्मच्या डेव्हलपरसाठी, म्हणजे चित्र उमटवणाऱ्या द्रावणासाठी, सर्वसाधारण तापमान २० अंश धरतात. आपल्याकडे मे महिन्यात नळाचं पाणीच तिशीच्या वर असतं. इतक्या कोमट द्रावणात फिल्मवरचा जिलेटिनचा थर फुगतो, मऊ पडतो, बोट लागलं तरी सुटतो, कडेने तर पापुद्र्यासारखा उचलला जातो. नाशिकच्या जुन्या फोटो स्टुडिओवाल्यांना हे सांगावं लागत नसे. ते मोठ्या घमेल्यात बर्फाचे खडे टाकून त्यात डेव्हलपरचं भांडं ठेवत. बर्फ थेट डेव्हलपरमध्ये टाकायचा नाही, नाहीतर द्रावण पातळ होतं. बर्फ नसेल तर डेव्हलपरमध्ये सोडियम सल्फेट मिसळायचं, त्याने जिलेटिन कमी फुगतं. नंतर क्रोम अॅलमच्या पाण्यातून काढून थर कडक करायचा. उष्ण देशांसाठीची ही पद्धत फिल्मच्या कंपन्यांनीच छापून दिलेली होती.

आता हेच काम दलदलीत, विमानं डोक्यावर असताना करायचं आहे असं धरा. व्हिएतनामच्या दक्षिणेत, मेकाँगच्या त्रिभुज प्रदेशात, फ्रेंचांविरुद्ध लढणाऱ्यांनी १९४८ मध्ये ते केलं. खुओंग मे, माय लोक आणि त्यांच्या साथीदारांनी मोक होआच्या लढाईवर फिल्म काढली. त्यांची डार्करूम होती एक होडी. चहूबाजूंनी झाकलेली, आत बर्फ मिळवून थंड केलेली रसायनं. गस्त आली की अख्खी लॅब वल्हवून दुसऱ्या कालव्यात न्यायची. त्या वर्षाच्या अखेरीस त्यांनी ती फिल्म मुक्त भागातल्या लोकांना दाखवली. उत्तरेत हो ची मिन्ह यांनी सरकारी चित्रपट संस्था स्थापन करण्याच्या हुकमावर सही केली ती १५ मार्च १९५३ रोजी. म्हणजे दक्षिणेतल्या होडीतली लॅब सरकारच्या आधी चार-पाच वर्षं चालू होती. माझ्या लेखी चित्रपटाच्या इतिहासातल्या फार मोठ्या लॅबपैकी ती एक आहे.

नाशिककरांना हे परकं वाटायचं कारण नाही. त्र्यंबकेश्वरला जन्मलेल्या दादासाहेब फाळक्यांनी १९१२-१३ मध्ये दादरच्या घरी जे केलं, त्यात सरस्वतीबाई रात्री अंधारात बसून कच्च्या फिल्मच्या कडेला भोकं पाडत होत्या, रसायनं कालवत होत्या, फिल्म धूत होत्या आणि दिवसा सगळ्या मंडळींचा स्वयंपाकही करत होत्या. तिथे युद्ध नव्हतं, पण घराची लॅब करणं म्हणजे काय, हे त्यावरून कळतं. पॅलेस्टिनी चळवळीचा फिल्म विभाग १९६८ च्या सुमारास जॉर्डनच्या राजधानीत, अम्मानमध्ये, सुरू झाला, त्याची सुरुवातही एका घरातल्या स्वयंपाकघरात फोटो धुण्यापासून झाली. हे काम करणाऱ्या सुलाफा जादल्ला कैरोला छायाचित्रण शिकून आल्या होत्या. मुस्तफा अबू अली आणि हानी जवहारिया हे त्यांचे सहकारी.

ज्यांना स्वतः धुणं जमत नव्हतं त्यांना डबे बाहेर पाठवावे लागत, आणि तिथून फिल्मचा मालक कोण हा प्रश्न उभा राहतो. अल्जीरियाचं उदाहरण घ्या. रने वोत्ये हा फ्रेंच चित्रपटकार स्वतःच्या देशाविरुद्ध, अल्जीरियाच्या मुक्ती आघाडीच्या बाजूने कॅमेरा घेऊन ट्युनिशियाच्या सीमेवरच्या डोंगरांत गेला. १९५७ मध्ये तिथे लढवय्यांनाच कॅमेरा शिकवण्याचं कामही सुरू झालं. लढाईत वोत्ये जखमी झाला, त्याच्याच कॅमेऱ्याचा तुकडा डोक्यात घुसला आणि तो तुकडा आयुष्यभर डोक्यातच राहिला. त्याची फिल्म तयार झाली पूर्व जर्मनीत, १९५८ मध्ये. फ्रान्समधली कुठलीही लॅब ते डबे उघडताच पोलिसांना कळवणार होती, म्हणून इतका लांबचा रस्ता. अशा रस्त्यात कॅमेरामनला आपण काय टिपलं ते महिनोन्‌महिने दिसत नाही. लेन्सवर ओरखडा असेल, फिल्मला दाराच्या फटीतून उजेड लागत असेल, तर तीच चूक पुढच्या पन्नास डब्यांत होत राहते. संकलनाच्या टेबलाशी चळवळीचा माणूस असतोच असं नाही. ज्याची लॅब, त्याचा शब्द शेवटचा, हे मी शांततेच्या काळातही पाहिलं आहे. युद्धात तर विचारूच नका.

गिनी-बिसाऊची, म्हणजे पश्चिम आफ्रिकेतल्या पोर्तुगीज वसाहतीची, गोष्ट मला यातली सगळ्यात महत्त्वाची वाटते. अमिल्कार काब्राल हे मूळचे शेतीतज्ज्ञ. १९५० च्या दशकात पोर्तुगीज सरकारच्या नोकरीत असताना त्यांनी त्या वसाहतीची शेतीगणना केली, गावोगाव फिरले, आणि त्या ओळखीवर पुढे मुक्तिलढा उभारला. पाहुण्या कॅमेरामनवर विसंबायचं नाही, हे त्यांनी लवकर ओळखलं. १९६७ मध्ये त्यांनी चार तरुणांना चित्रपट शिकायला क्यूबाला पाठवलं: साना ना एन्हादा, फ्लोरा गोमेस, जोसे बोलामा कोबुम्बा आणि जोसेफिना क्रातो. लढाईला माणसं कमी पडत असताना चार जणांना काही वर्षं शिकायला सोडणं, हा सेनापतीचा निर्णय म्हणून बघा. ते परतले, कॅमेरे खांद्यावर घेतले. २० जानेवारी १९७३ ला शेजारच्या गिनी देशात, कोनाक्रीत, काब्रालांचा खून झाला. त्याच वर्षी २४ सप्टेंबरला मुक्त भागात स्वातंत्र्याची घोषणा झाली आणि ती या मुलांनी टिपली. एका राष्ट्राचा जन्म त्याच राष्ट्राच्या माणसांनी, स्वतःच्या हातांनी फिल्मवर घेतला.

आणि तरीही त्यातलं बरंचसं पुढे कधी पूर्ण चित्रपट झालंच नाही. आवाजाच्या टेपा एकीकडे, चित्र दुसरीकडे. १९९८-९९ च्या यादवीत साठ्याची दैना झाली. उष्ण, दमट हवेत फिल्मचा ॲसिटेट, म्हणजे पट्टीचा पाया, कुजतो, व्हिनेगरसारखा वास सुटतो, पट्टी आक्रसते, भोकं यंत्राच्या दातांवर बसेनाशी होतात. २०१२ मध्ये जे उरलं होतं ते बर्लिनला नेऊन डिजिटल केलं गेलं. चित्रण यशस्वी, साठवण अपयशी, हा या सगळ्या इतिहासाचा सर्वसाधारण हिशोब आहे. पॅलेस्टिनी विभागाचा बैरूतमधला साठाही १९८२ च्या इस्रायली आक्रमणानंतर गायब झाला.

याच्या नेमकं उलट उदाहरण वॉर्सॉचं. १ ऑगस्ट १९४४ ला पोलंडच्या भूमिगत सैन्याने जर्मनांविरुद्ध उठाव केला. त्या सैन्याच्या माहिती विभागाने चित्रपटवाल्यांची तुकडी आधीच बांधून ठेवली होती, प्रमुख आंतोनी बोहजेविच. शहराच्या मध्यभागी फिल्म धुण्याची सोय होती, म्हणून डबा कुठे पाठवायचा प्रश्नच नव्हता. ऑगस्टच्या मध्यात, रस्त्यावर लढाई चालू असताना, पॅलेडियम चित्रपटगृहात वृत्तपटाचा पहिला भाग लागला. पुढे आणखी दोन लागले. प्रेक्षकांत कोण होतं? रस्त्यांवर रचलेल्या अडथळ्यांवरून रजा घेऊन आलेले लढवय्ये आणि तळघरातून वर आलेले नागरिक. आपण अजून आहोत, आपली डाक चालू आहे, आपल्याकडे सिनेमा आहे, हे त्यांना पडद्यावर दिसत होतं. ६३ दिवसांनी, २ ऑक्टोबरला, शरणागती झाली. जर्मनांनी शहर पद्धतशीर पाडलं. लपवलेले डबे युद्धानंतर हाती लागले. त्यातलं सुमारे सहा तासांचं चित्रण टिकलं आहे.

ही फिल्म पस्तीस मिलिमीटरची, म्हणजे त्या काळची पटकन पेट घेणारी नायट्रेट फिल्म. नायट्रेट जळताना स्वतःचा प्राणवायू स्वतःच पुरवतं, पाण्यात बुडवलं तरी विझत नाही. जळत्या शहरात असे डबे बगलेत घेऊन पळणाऱ्या मुलांचा विचार मला नेहमी येतो. कॅमेरामनची नावं थोडी तरी नोंदली गेली, डबे वाहणाऱ्यांची फारशी नाहीत. त्याच ऑगस्टमध्ये पॅरिसमध्येही चित्रपट कामगारांच्या गुप्त समितीने जर्मनांपासून मुक्तीची लढाई टिपली आणि काही दिवसांतच ती चित्रपटगृहांत लागली. तिथेही शहरातल्या लॅबमधले लोक त्यांचेच होते, म्हणून ते जमलं.

आता विश्वासाचा प्रश्न. या फिल्मा प्रचारपट आहेत का? हो, आहेत, आणि ते लपवायची गरज नाही. चळवळ फिल्म खर्चते ती पाठिंबा, पैसा, औषधं, ओळख मिळवण्यासाठी. काही प्रसंग कॅमेऱ्यासाठी पुन्हा करून घेतलेलेही असतात. ते ओळखायला थोडा सराव लागतो. गोळीबार चालू असताना कॅमेरा सैनिकाच्या समोरून, म्हणजे शत्रूच्या बाजूने, निवांत उभा असेल तर तो प्रसंग रचलेला धरा. एकच कृती दोन कोनांतून सलग दिसली आणि कॅमेरा एकच होता असं माहीत असेल, तरीही तेच. खरा शॉट सहसा पाठीमागून, खालून, भिंतीच्या आडून असतो, आणि त्यात महत्त्वाची गोष्ट चौकटीच्या कडेला घडते.

पण रचलेला प्रसंगसुद्धा पुरावा असतो. गणवेश कुठला, बंदूक कुणाच्या बनावटीची, पायात बूट आहेत की नाहीत, शाळेच्या फळ्यावर काय लिहिलंय, बायका कुठे उभ्या आहेत, हे कुणी रचलेलं नसतं. कॅमेरा सांगितल्यापेक्षा जास्त घेतो. म्हणून माझा सल्ला, निवेदन बंद करून फिल्म एकदा बघा. नंतर निवेदनासह बघा. दोन्हींतलं अंतर लिहून काढा, प्रकल्पाचा अर्धा मजकूर तिथेच मिळेल.

निवेदन बदललं की चित्राचा अर्थ किती उलटतो याचं उदाहरण स्पेनमध्ये आहे. जुलै १९३६ मध्ये बार्सिलोनात जनरल फ्रँकोच्या लष्करी बंडाला तोंड देणाऱ्या अराजकवादी कामगार संघटनेने रस्त्यावरच्या क्रांतीचं वार्तापटासारखं चित्रण केलं, दिग्दर्शक मातेओ सान्तोस. मठातून उकरून काढून बाहेर मांडलेले जोगिणींचे जुने मृतदेह त्यात आहेत. काढणाऱ्यांच्या मते हा धर्मसत्तेविरुद्धचा पुरावा होता. तेच चित्रण फ्रँकोच्या बाजूने मिळवलं आणि ‘हे बघा, हे लोक कसे आहेत’ म्हणून परदेशात दाखवलं. चित्र तेच राहिलं, निवेदन बदललं.

आपल्या जवळचं उदाहरण हवं तर आझाद हिंद. २१ ऑक्टोबर १९४३ ला सिंगापूरला नेताजींनी हंगामी सरकार जाहीर केलं. त्या काळाची जी हलती चित्रं आज आपण अभिमानाने बघतो ती बरीचशी जपानी वृत्तपटांच्या कॅमेऱ्यांनी टिपलेली. ती खरीच आहेत. पण कॅमेरा कुठे ठेवायचा हे जपानच्या युद्धयंत्रणेने ठरवलं होतं, हे बघताना विसरू नये.

एक गोष्ट मी कुठल्याही विद्यार्थ्याला आधी सांगतो, ती चेहऱ्यांची. १८७१ च्या पॅरिस कम्यूनचे, म्हणजे तिथल्या लोकांनी उभारलेल्या बंडखोर सरकारचे, लढवय्ये अडथळ्यांपुढे हौसेने फोटोला उभे राहिले. कम्यून पडल्यावर पोलिसांनी तेच फोटो माणसं ओळखायला वापरले. तेव्हापासून जाणती चळवळ चेहरा टिपताना विचार करते: पाठीमागून, हातांवर, सावलीत. १९४४-४५ च्या हिवाळ्यात जर्मनव्याप्त अ‍ॅमस्टरडॅममध्ये भूमिगत छायाचित्रकारांनी भुकेले लोक टिपले ते कॅमेरा पिशवीत, कोटाआड, सायकलच्या थैलीत लपवून. त्यामुळे ती चित्रं कमरेच्या उंचीवरून दिसतात. धुतलेला डबा पकडला गेला तर तो नावांच्या यादीइतकाच घातक. आज मोबाइलच्या प्रत्येक फाइलमध्ये जागा आणि वेळ नोंदलेली असते, म्हणजे धोका वाढलाच आहे. कॅमेरा धरणाराही सुटत नाही. हानी जवहारिया ११ एप्रिल १९७६ ला लेबनॉनच्या डोंगरात चित्रण करतानाच मारले गेले.

तिसरा प्रश्न: आपल्याकडे का नाही? हिंमत नव्हती किंवा कौशल्य नव्हतं, हे उत्तर मला मान्य नाही. सावेदादा भाटवडेकरांनी १८९९ मध्येच मुंबईत कुस्ती टिपली होती, आणि १९४२ पर्यंत मुंबई, पुणे, कोल्हापुरात उत्तम कॅमेरामन होते. मिठाच्या सत्याग्रहाचं चित्रणही १९३० मध्ये झालं होतं, सरकारने त्या फिल्मांवर बंदी घातली. माझ्या मते कारण कच्च्या मालात आहे. भारतात फिल्म बनतच नव्हती. उटीच्या सरकारी कारखान्यातून उत्पादन सुरू झालं ते १९६० च्या दशकात. त्याआधीचा प्रत्येक फूट बोटीने यायचा आणि बंदरावर मोजला जायचा. दुसऱ्या महायुद्धात कच्च्या फिल्मवर सरकारी परवाना आला, चित्रपटांची लांबी ११,००० फुटांवर बांधली गेली, आणि चित्रपटगृहांना सरकारी वार्तापट दाखवणं सक्तीचं झालं. अशा वेळी भूमिगतांनी फिल्म मिळवायची कुठून, धुवायची कुणाच्या लॅबमध्ये आणि दाखवायची कुठे? मोक होआच्या मागे कालव्यांचा मुक्त प्रदेश होता. प्रतिसरकारच्या कुंडल परिसरात लोकांनी जपलेली गावं होती, पण लॅब नव्हती आणि बंदर इंग्रजांच्या हातात होतं.

म्हणून आपल्या लोकांनी आवाज निवडला, आणि तो निर्णय अचूक होता. ऑगस्ट ते नोव्हेंबर १९४२ या काळात उषा मेहता आणि त्यांच्या साथीदारांनी मुंबईत घरं बदलत काँग्रेस रेडिओ चालवला. पुढे गोव्याच्या लढ्यात वामन सरदेसाई आणि लिबिया लोबो यांनी १९५५ पासून १९६१ मध्ये गोवा मुक्त होईपर्यंत सह्याद्रीच्या जंगलातून, आधी आंबोलीकडून, गुप्त नभोवाणी चालवली. रेडिओला धुवावं लागत नाही, डबा वाहावा लागत नाही, बोललेलं त्याच क्षणी पोहोचतं. त्याची किंमत मात्र आपण आज मोजतो: पोहोचलेलं ते त्याच क्षणी विरलंही. तुमच्या प्रकल्पात वॉर्सॉची फिल्म आणि आंबोलीचा रेडिओ शेजारी शेजारी ठेवून बघा. हे मराठीत अजून फारसं कुणी लिहिलेलं नाही.

कामाची दिशा अशी ठेवा. प्रत्येक फिल्मसाठी चार गोष्टी शोधा: कच्ची फिल्म कुठून आली, धुतली कुठे, निवेदन कुणी आणि कुठे चढवलं, आणि पहिल्यांदा कुणापुढे दाखवली. संकलित फिल्मपेक्षा न कापलेली रशेस, म्हणजे टिपलेलं मूळ चित्रण, मिळाली तर आधी ती बघा. पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ पासून आहे, नाशिकहून एका दिवसात जाऊन येता येतं. आधी पत्र लिहून विषय कळवा म्हणजे तिथे गेल्यावर वेळ जात नाही. पांडवलेण्याच्या पायथ्याचं फाळके स्मारक जरूर बघा, पण संशोधनासाठी पुणंच.

आणि कुणाच्या वाड्यात माळ्यावर जुना डबा सापडला, तर उत्साहाने प्रोजेक्टरवर चढवू नका. झाकण मोकळ्या हवेत, विस्तवापासून दूर उघडा. आंबट वास आला तर ॲसिटेट कुजतंय. पट्टी चिकट असेल, तपकिरी पूड पडत असेल आणि रुंदी पस्तीस मिलिमीटर असेल, तर नायट्रेट समजा आणि डबा बंद घरात ठेवू नका. गोदाकाठच्या घरांतल्या रिळांना पुराचं पाणी लागलेलं असतं. ती आजही ओली असतील तर वाळवायची नाहीत, कारण वाळताना थर एकमेकांना चिकटतात आणि मग सुटत नाहीत. पाण्यातच ठेवून लगेच तज्ज्ञाला दाखवा. डब्यावरची जुनी चिठ्ठी काढून टाकू नका, तिचा फोटो घ्या. कच्ची फिल्म कुठली होती ते पट्टीच्या कडेला छापलेलं सापडतं, तेही लिहून ठेवा.